किल्ली कुणाला दिली

स्टुटगार्ट, १८ मार्च २०२५

आत्या,

सगळं बदललं तो क्षण मला मिनिटासकट माहीत आहे. रविवार, सोळा मार्च, दुपारी चार वाजून दहा मिनिटं. मंडळाच्या हॉलमागच्या पार्किंगमध्ये एका पोलिसानं तळहात पुढे केला आणि मी त्यावर माझ्या गाडीची किल्ली ठेवली. हात पुरणानं भरले होते, म्हणून दोन बोटांच्या चिमटीत धरून ठेवली. त्यानं ती आधी पुसली, मग एका पिशवीत टाकून पिशवीवर नंबर लिहिला.

निळी गेली, आत्या. दोरानं बांधून, मागची चाकं उचलून नेली. मी ती घेतली तेव्हा ती गाडी नव्हतीच, भंगार होतं. आमच्या गॅरेजचा उस्ताद, माइस्टर, म्हणाला होता, "तुझ्याच्यानं चालू झाली तर तुझी." अकरा महिन्यांचे शनिवार-रविवार घातले मी तिच्यात. कॉलेज सोडल्यापासून मी पुरं केलेलं ते एकच काम.

आरोप असा: बोगद्याच्या अलीकडे, पन्नासची मर्यादा असताना एकशे बारा. शेजारच्या पांढऱ्या गाडीशी शर्यत. कुणीतरी पोलिसांना नंबर कळवला, पुढे कॅमेऱ्यानंही टिपलं. इथे शर्यत म्हणजे गुन्हा, दंड भरून सुटका नाही. लायसन्स जाऊ शकतं आणि गाडी कायमची सरकारजमा होऊ शकते. लायसन्स गेलं तर माइस्टर मला ठेवणार नाही, आणि अप्रेंटिसशिप गेली तर व्हिसा कशावर?

मी चालवत होतो. तसं तिथल्या तिथे सांगून टाकलं.

तू सत्तावीस वर्षं कोर्टात दुभाषी होतीस. मला एवढंच सांग, माझं काही ऐकून न घेता माझी वस्तू कोणी अशी ठेवून घेऊ शकतं का?

पत्र का लिहितोय? फोनही त्यांनीच नेलाय, हे एक. आणि कॉलेज सोडलं तेव्हा फोनवर मी तुझ्यावर ओरडलो होतो, तेव्हा तू म्हणाली होतीस, "यापुढे मला लिहीत जा. कागदावर माणूस ओरडत नाही." म्हणून लिहिलं.

सिद्धेश


रेगेन्सबर्ग, २१ मार्च २०२५

चि. सिद्धेश,
अनेक आशीर्वाद.

नीट वाच आणि दोनदा वाच.

गाडी अडकवून ठेवणं वेगळं, कायमची काढून घेणं वेगळं. पहिलं पोलिसांना करता येतं. दुसरं कोर्टाशिवाय होत नाही, आणि कोर्टाला आधी गाडीच्या मालकाचं म्हणणं ऐकावं लागतं. दुसऱ्या कुणी चालवली असेल आणि असं काही होईल याची मालकाला कल्पना नसेल, तर त्याची गाडी सहजासहजी जात नाही. गाडी तुझ्या नावावर आहे म्हणून गुन्हा तुझ्या नावावर, असं इथे नसतं. गुन्हा चालवणाऱ्याचा.

तुला थोड्या दिवसांत एक छापील कागद येईल. आनह्योरुंग. म्हणजे ऐकून घेणं. कोर्टात इतकी वर्षं काढली, त्या सगळ्या शब्दांत मला हा आवडत आलाय. त्यावर नाव, पत्ता, जन्मतारीख लिही. बाकी एक अक्षर नको. आरोपीला गप्प बसायचा हक्क आहे आणि गप्प बसला म्हणून त्याला कुणी दोषी धरू शकत नाही. तोंडानं बोललास ते बोललास, निदान सही तरी करू नकोस. मी इथे एका वकीलबाईंशी बोलले आहे. कागद आला की त्यांच्याकडे पाठव.

आता मला एक सांग. तुमच्या मंडळातल्या विभावरीनं मला होळीच्या कार्यक्रमाचे फोटो पाठवलेत. प्रत्येक फोटोत तू ओट्याशी उभा, एप्रन बांधून. चाळीस माणसांचं पुरण वाटायला किती वेळ लागतो हे मला कुणी शिकवायला नको. चार वाजता किल्ली दिलीस तेव्हा हात पुरणाचे होते म्हणतोस. मग स्टिअरिंगला गूळ लागला होता का?

गाडी कोणी चालवली, सिद्धू?

तुझी,
कुमुदिनीआत्या


स्टुटगार्ट, २ एप्रिल २०२५

आत्या,

तू दुभाषी होतीस की फौजदार?

बरं, ऐक. किल्ली मी नीनाला दिली होती. विभावरीमावशींची नीना. पोळ्या लाटायला घेतल्या आणि लक्षात आलं की तुपाचा डबा मावशींच्या घरीच राहिलाय. आईचा तो कडीचा डबा, तिचं नाव कोरलेला. मीच तूप कढवायला मावशींकडे दिला होता. पुरणपोळीवर तूप नाही म्हटल्यावर मंडळातल्या आज्यांनी माझीच होळी केली असती. नीना म्हणाली, "इश् होलं एस," म्हणजे मी आणते. एप्रनच्या खिशात हात घालून तिनं स्वतःच किल्ली काढून घेतली. माझे हात भरलेले होते ना. तेवढ्या एका सेकंदासाठी मी दोन वर्षं या शहरात थांबलो असं समज.

पाऊण तासानं आली. डबा ओट्यावर ठेवला, किल्ली परत माझ्या खिशात टाकली. गाल लाल झाले होते. मला वाटलं, पायऱ्या चढून आली म्हणून. दहा मिनिटांनी पोलिस.

तुला तिची गोष्ट सांगितली नव्हती, कारण सांगण्यासारखं घडलं काहीच नाही. मी मराठीत बोलतो, ती जर्मनमध्ये उत्तर देते. सगळं कळतं तिला, शिव्यासुद्धा. फक्त बोलत नाही. मी काही म्हटलं की "गेनाऊ" म्हणते, अगदी बरोबर, आणि मी त्या एका शब्दावर आठवडा काढतो. हसू नकोस.

मे महिन्यात तिची शिक्षक होण्याची परीक्षा आहे. अंगावर असला गुन्हा घेऊन ती शाळेत उभी राहणार? माझं काय, मी कॉलेज सोडलेला, घरी सगळ्यांनी आधीच सोडून दिलेला. म्हणून तो कागद आला त्याच दिवशी भरला. "गाडी मी चालवत होतो." सही केली आणि पाठवूनही दिला. तुझं पत्र समोरच होतं.

तू काहीही लिही, मला पश्चात्ताप नाही.

सिद्धेश


रेगेन्सबर्ग, ६ एप्रिल २०२५

चि. सिद्धेश,

पत्र वाचून मी अंगणात जाऊन उभी राहिले. उवेनं विचारलं काय झालं, तर सांगता येईना. तुझ्या आतोबांना आपल्याकडची ही रीत कळायची नाही. आपल्याकडे दुसऱ्याची चूक अंगावर घेतो तो मोठ्या मनाचा. आई घेते, थोरला भाऊ घेतो, मित्र घेतात, आणि चार लोक वाहवा करतात. इथे त्याला तपासात खोटं बोलणं म्हणतात, आणि त्याचीही वेगळी शिक्षा असते.

कोर्टात माझ्या शेजारी बसून किती जण म्हणाले असतील, "लिहा, मीच केलं." मी शब्द न शब्द भाषांतर केलं. भाषांतर करणाऱ्यानं मध्ये बोलायचं नसतं. तुझी मी दुभाषी नाही, तेव्हा बोलते. तुला ऐकून घ्यायला एक कागद पाठवला, आणि त्यावर तू दुसऱ्याचंच म्हणणं लिहून दिलंस.

हे मागे घेता येतं. पण पुढचंही समजून घे. आरोपीला गप्प बसता येतं, साक्षीदाराला नाही. तू चालवली नाहीस हे ठरलं की तुला साक्षीदार म्हणून विचारतील, किल्ली कुणाला दिली. तेव्हा उत्तर द्यावं लागेल. फक्त आपल्या माणसाविरुद्ध बोलायचं नाकारता येतं. आई-बाप, भावंडं, नवरा-बायको, आणि वाग्दत्त. म्हणजे ज्यांचं लग्न ठरलेलं आहे ते.

आणि एक. तू तिच्यासाठी सही केलीस हे नीनाला माहीत आहे का? काय म्हणाली ती?

आत्या


स्टुटगार्ट, ३० मे २०२५

आत्या,

आठ आठवडे लिहिलं नाही. तुझ्या पत्रातला एकच शब्द मी पुन्हा पुन्हा वाचत होतो. वाग्दत्त. कोर्टात विचारलं तर मी हाच सांगेन. साखरपुड्याची पावती थोडीच मागणार आहेत?

नीनाला माहीत आहे. ती आली होती, एप्रिलमध्ये. बूट न काढता दारातच उभी राहिली. मी म्हटलं, "आत ये, चहा टाकतो." ती "डांके" म्हणाली. चहासाठीचे आभार नव्हते ते, सहीसाठी होते. काहीतरी अजून सांगायचं असल्यासारखी उभी होती, मग मिलनचा फोन आला आणि गेली. मिलन म्हणजे तो पीएच.डी.वाला, मंडळाचा लाडका. गेल्या वर्षी त्याचं घर हलवलं तेव्हा त्याचा फ्रिज मी एकट्यानं चार मजले चढवला होता. त्यानंतर ती आलेली नाही. परीक्षेचा अभ्यास असेल.

बाकी ठीक. एक पिवळं पाकीट आलंय कोर्टाकडून. मी ते उघडलेलं नाही. काळजी करू नकोस, मी सही केलेली नाही. पत्रपेटीत नुसतं टाकलेलं मिळालं, म्हणजे मला अधिकृत मिळालेलंच नाही. बाबांची युक्ती तुलाही माहीत असेल. बाबांच्या शेडवर कोर्टाची नोटीस घेऊन माणूस यायचा तेव्हा आई दारात सांगायची, "हे गावाला गेलेत." तीनदा परत गेला तो. सही नाही तर नोटीस नाही. पाकीट तांदळाच्या डब्यामागे ठेवलंय. राहू दे तिथेच.

गॅरेजमध्ये रोज दुसऱ्यांच्या गाड्यांखाली झोपतो. निळीचा आवाज कानात असतो.

सिद्धेश


रेगेन्सबर्ग, २ जून २०२५ (एक्सप्रेस)

सिद्धेश,

वाचतोस तिथून ऊठ. तांदळाच्या डब्यामागचं पाकीट काढ. त्यावर पोस्टमननं हातानं तारीख लिहिली असेल. त्या तारखेला तुला ते मिळालं. सही लागत नाही. उघडलंस की नाही याच्याशी कुणाला देणंघेणं नाही. पिवळं पाकीट पेटीत पडलं की पोहोचलं.

आत शिक्षेचा हुकूम असणार. सुनावणीशिवाय, तुझ्याच कबुलीवर. त्या तारखेपासून दोन आठवड्यांत हरकत घेतली नाहीस तर तो कायम होतो. मग गाडी गेली, लायसन्स गेलं, आणि मी किंवा वकीलबाई काही करू शकत नाही. हरकत घेतलीस तर कोर्टाला तुला समोर उभं करून ऐकावं लागतं.

सोबत एक कागद आहे. त्यावर एकच ओळ लिहिली आहे, या हुकुमाला माझी हरकत आहे. कारण द्यावं लागत नाही. पाकिटातल्या कागदावरचा केसचा नंबर त्यावर लिही, सही कर आणि कोर्टाच्या पेटीत स्वतःच्या हातानं टाक. पोस्टानं नको. पाकीट फेकू नकोस, ती तारीख पुरावा आहे.

तुझ्या बाबांच्या युक्तीबद्दल. ती युक्ती चालली असं तुला वाटतं, कारण तुला तसंच सांगितलं गेलं. चौथ्यांदा त्या माणसानं कुणाला विचारलंच नाही. नोटीस दाराला चिकटवून, पंचनामा करून गेला. दादा तारखेला हजर नव्हता, निकाल एकतर्फी लागला आणि शेड पाडली. दादा तुम्हाला म्हणाला, "विकली." खरं काय ते मला आणि वहिनीला ठाऊक. त्याला न ऐकता निकाल दिला असं तो आयुष्यभर म्हणत आला. ऐकायला तीनदा आले होते, सिद्धू. हा घरी नव्हता.

तू घरी राहा.

आत्या


स्टुटगार्ट, ५ जून २०२५

आत्या,

पाकिटावरची तारीख बावीस मे. म्हणजे आज शेवटचा दिवस.

तुझं पत्र कालच आलं होतं. काल मी ते फाडायला निघालो होतो, खोटं कशाला सांगू. हरकत घेतली तर सगळं परत उकरणार, नीनाचं नाव निघणार. आतला कागद वाचला. त्यात लिहिलंय, "आरोपीनं गुन्हा कबूल केला आहे." आणि खाली, "वाहन जप्त करून सरकारजमा करण्यात येत आहे." निळीचा चॅसिस नंबर टाकला होता. तो नंबर मी वायर ब्रशनं गंज घासून स्वतः वाचला होता.

गॅरेजमधून दुपारी सुटी घेतली. कोर्टाच्या पेटीत कागद टाकला. पडल्याचा आवाज आला.

बाबांबद्दल लिहिलंस ते मी अजून गिळतोय.

सिद्धेश


रेगेन्सबर्ग, ११ जुलै २०२५

चि. सिद्धेश,
आशीर्वाद.

सुनावणीची तारीख लागली, २४ सप्टेंबर, सकाळी साडेनऊ. वकीलबाई उभ्या राहतील. मी आदल्या दिवशी संध्याकाळी येते आणि स्टेशनजवळ हॉटेलात उतरते. तुझ्या खोलीत दोन माणसं मावत नाहीत.

तुझ्याविरुद्ध काय पुरावा आहे तो सगळा पाहायचा तुला हक्क आहे. वकीलबाईंनी फाइल मागवली, आली. स्टुटगार्टला त्यांच्या ओळखीच्या ऑफिसात प्रत ठेवली आहे. जाऊन स्वतः बघ. पान चौदा.

मी पाहिली आहे. तिच्यात काय आहे ते मी लिहिणार नाही. सांगणं माझं काम नाही आणि खरं सांगायचं तर माझ्याच्यानं होतही नाही. आयुष्यभर दुसऱ्यांचं बोलणं या भाषेतून त्या भाषेत नेलं, हे एक नेता येत नाही.

एकटा जाऊ नकोस. माइस्टरला सोबत ने. किंवा एकटाच जा. तू मोठा आहेस.

आत्या


स्टुटगार्ट, २४ सप्टेंबर २०२५, सकाळ

आत्या,

तू अर्ध्या तासात कोर्टाच्या पायरीवर भेटशील. तरी लिहितोय. हे तोंडानं सांगायला गेलो तर ओरडेन. पत्र हातात देईन, परतीच्या गाडीत वाच.

पान चौदा मी जुलैतच पाहिलं. कॅमेऱ्याचा फोटो. स्टिअरिंगवर मिलन आहे.

माझ्यासारखेच केस, माझ्यासारखाच चष्मा. माझी सही समोर असल्यावर चेहरा नीट कशाला कोण बघेल? पण मी बघितला. तो रस्त्याकडे बघत नाहीये. बाजूला बघून हसतोय. शेजारी बसलेल्याचा चेहरा काळ्या चौकोनानं झाकलाय. वकीलबाई म्हणाल्या, ज्याच्यावर आरोप नाही त्याचा चेहरा दाखवत नाहीत, तो त्याचा हक्क. बरं केलं. पण चौकोनाखाली दोन हात दिसतात, आणि हातात, छातीशी धरलेला, आईचा कडीचा डबा.

ते तूप मी चाळीस पोळ्यांवर वाढलं, आत्या. मिलनच्या ताटात दोन चमचे जास्त घातलं होतं. तो म्हणाला, "बास रे सिद्धू, किती प्रेम करशील."

फोटो पाहून मी काय केलं ते विचारू नकोस. ऑफिसाबाहेरच्या एका खांबाला लाथ मारली, पंधरा दिवस लंगडत होतो. मिलनच्या दारापर्यंत दोनदा गेलो, आणि फ्रिज आठवून परत आलो. मग ऑगस्टभर एकच विचार. अजूनही लिहून टाकावं, मीच होतो. तिला दाखवून द्यावं की तो काय आहे आणि मी काय आहे. सगळं माहीत असूनही हा माझ्यासाठी बुडाला, असं तिला आयुष्यभर वाटत राहावं. आता लिहिताना कळतंय, ते प्रेम नव्हतं. व्याजासकट वसुली होती.

आणि वाग्दत्त हा शब्द होताच डोक्यात. साक्षीदार म्हणून न्यायाधीश विचारणारच, तुमचं तिच्याशी नातं काय. तर परवा मी तिच्या घरी गेलो. मावशींनी दार उघडलं, डोळे सुजलेले होते. त्यांना सगळं माहीत असावं. नीना मागच्या बागेत होती. मी म्हटलं, "कोर्टात मला एक प्रश्न विचारतील. त्याचं उत्तर माझ्या एकट्याकडे नाही, म्हणून आधी तुला विचारतो. आपलं लग्न ठरलंय का? ठरणार आहे का?"

मला वाटलं, ती "नाइन" म्हणेल. त्याची तयारी करून गेलो होतो. जर्मन 'नाही' ऐकायची या देशात सवय झालीये, ते कागदावर येतं, पाकिटात येतं.

ती म्हणाली, "नाही रे, सिद्धू."

दोन वर्षांत तिनं मला पहिल्यांदा मराठीत उत्तर दिलं. तुझ्या सत्तावीस वर्षांतही कुणाचं इतकं स्वच्छ म्हणणं तुला ऐकायला मिळालं नसेल. मग म्हणाली, पुन्हा जर्मनमध्ये, की तिनंच मिलनला "चल, बघू किती पळते" म्हटलं होतं. मी सही केली तेव्हाच ती सांगणार होती, एप्रिलमध्ये दारात आली होती ती त्यासाठीच, पण माझा चेहरा बघून तिला सांगता आलं नाही. मिलन स्वतः कोर्टात येईल की नाही, तिला माहीत नाही. ती येणार आहे.

मी रागावलो नाही. म्हणजे रागावलो, पण ओरडलो नाही. एवढंच विचारलं, "गाडी कशी पळाली?"

"शोन," ती म्हणाली. छान. आणि रडली.

तर आज मी सांगणार आहे: कबुली खोटी होती, ती मी लिहिली, आणि त्याची जी शिक्षा असेल ती माझी. गाडी मी चालवली नाही. मी ओट्याशी होतो, चाळीस साक्षीदार आहेत. किल्ली मी नीनाला दिली. तिनं कुणाला दिली ते पान चौदावर आहे, तिथे बघा. आणि तिच्याशी माझं नातं विचारलं तर, काही नाही. हे दोन शब्द मी आरशासमोर जर्मनमध्ये म्हणून पाहिले. तिसऱ्यांदा नीट जमले.

निळी परत मिळेल का, माहीत नाही. वकीलबाई म्हणतात, मिळायला हवी, पण माझ्या त्या सहीमुळे न्यायाधीश चिडले असतील तर सांगता येत नाही. सहा महिने उघड्यावर उभी आहे. बॅटरी मेली असेल, ब्रेक धरले असतील. त्याला मी घाबरत नाही, ते मला येतं.

काल बाबांना फोन केला. नवा घेतलाय, साधा. म्हटलं, "उद्या माझी तारीख आहे." त्यांनी कोर्टाची वेळ विचारली. मग म्हणाले, "वेळेत जा."

सदरा इस्त्री केलाय. पिवळं पाकीट बॅगेत घेतलंय. दाराजवळच्या वाटीत पूर्वी दोन किल्ल्या असायच्या, आता घराची एकच आहे. ती खिशात टाकली. इथलं दार एकदा ओढलं की किल्लीशिवाय बाहेरून उघडत नाही, म्हणून दोनदा चाचपून पाहिली.

एवढी शेवटची ओळ जिन्यात उभ्यानं लिहितोय, कागद भिंतीला टेकवून. दार ओढून घेतलं.

सिद्धेश